मागच्या खोलीतली कणगी

पोळपाट काढायला निलम ओट्याखाली वाकली, एक पाय मागं सरकला, आणि डाव्या टाचेत काहीतरी कचकन घुसलं. ओरडायला उघडलेलं तोंड तिनं तसंच मिटलं. तवा तापला होता, ड्यूटीची वेळ होत आली होती, एक हात कणकेनं भरलेला होता, आणि ती फरशीवर फतकल मारून स्वतःची टाच खिडकीच्या उजेडाकडं वळवायला बघत होती. दवाखान्यात रोज ती लोकांच्या पायांतून काय काय काढायची, बाभळीचे काटे, काचा, पऱ्हाटीचे खुंट. पण ते पाय समोर टेबलावर असायचे. स्वतःची टाच अशी तोंडापुढं येत नाही. शेवटी तिनं नखांनीच धरून ते ओढून काढलं. बांबूच्या कामटीची कुसळी होती. फेकूनच देणार होती, पण हात थांबला, कारण कुसळी हिरवी होती. हिरवी आणि ओलसर. जुन्या बांबूची कुसळी पिवळी, वाळकी असते हे कळायला तिला नर्सिंग शिकावं लागलं नव्हतं. चालायला लागल्यापासून तिच्या तळव्यांना ते ठाऊक होतं. म्हणजे घरात नवा बांबू आला होता. म्हणजे माय पुन्हा विणायला बसली होती. निलमनं गॅस बंद केला. तिच्या डोक्यात एक शीर होती, दवाखान्यात कितीही गर्दी झाली तरी न उडणारी आणि घरात पाऊल टाकलं की उडायला लागणारी. ती आता उडायला लागली.

तिची आई सोजराबाई दसऱ्यानंतर हिंगोलीला तिच्याकडं राहायला आली होती. आली म्हणजे आणली होती. जिल्ह्यातल्याच गोरेगावच्या पुढं, जिथं जीपवाले प्रवाशांना उतरवून परत फिरतात आणि पुढचा डोंगर ज्याचा त्यानं चढायचा, तिथं त्यांचं गाव. गावात बुरडाचं घर एकच. वडील, उकंडराव, जाऊन बरीच वर्षं झाली होती. त्यांच्यामागं मायनं एकटीनं बांबू तोडले, चिरले, सोलले, टोपल्या, सुपं, दुरड्या, कणग्या विणल्या आणि डोक्यावर घेऊन डोंगर उतरून बाजारात नेल्या. मग हळदीच्या शेतांत प्लॅस्टिकचे कॅरेट आले, घराघरांत पत्र्याच्या कोठ्या आल्या, मायला साखरेचा आजार आला आणि यंदाच्या पावसात मागची भिंत बसली. निलमची मुलगी दीक्षा नांदेडला शिकायला गेली होती, तिची मागची खोली रिकामी होती. निलम म्हणाली, चल. माय म्हणाली, येते. इतक्या पटकन ती कशी तयार झाली याचं निलमला तेव्हा बरं वाटलं होतं, आश्चर्य वाटायला हवं होतं. सोबत आणलेल्या बोचक्यात दोन लुगडी आणि लुगड्यांत गुंडाळलेला वडिलांचा कोयता निघाला. हे कशाला आणलंस, निलमनं विचारलं. माय म्हणाली, मंग काय तिथं गंजू देऊ?

पहिले काही दिवस माय भिंतीकडं बघत बसून राहायची. टीव्ही लावून दिला तर टीव्हीच्या शेजारच्या भिंतीकडं बघायची. मग एका सकाळी तिनं स्वयंपाकघरातल्या प्लॅस्टिकच्या ड्रममधली ज्वारी हातात घेतली, वास घेतला, आणि त्यातून चालत निघालेले किडे बोटानं टिपून निलमला दाखवले. या डब्यात दाण्याचा जीव घुटमळतो, म्हणाली. एक कणगी करते. निलमनं मान हलवली असेल, किंवा नसेलही. ड्यूटीवरून येऊन मान हलली तर तो होकार धरायचा का, हा प्रश्न या घरात कुणी कधी विचारला नाही. रविंद्र मात्र खुलला. तिचा नवरा पुसेगावच्या शाळेत गणित शिकवायचा, आणि सुट्टीच्या दिवशी त्याला हाताला काहीतरी काम हवंच असायचं. त्यानं तिकडच्या कुणाच्या तरी बांधावरून ओले बांबू तोडून मोटरसायकलला बांधून आणले, जिन्याच्या वळणांवर आपटत, भिंतींचा रंग काढत तिसऱ्या मजल्यावर चढवले. त्या दिवसापासून बाथरूममधल्या बादलीत कामट्या भिजत पडल्या. अंघोळीला गेलं की आधी त्या उचलायच्या, टपटपत्या कामट्या धरून उभं राहायचं, ठेवायला जागा नाही म्हणून पुन्हा बादलीत ठेवायच्या आणि तोंडच धुऊन बाहेर यायचं. खालच्या मजल्यावरच्या पद्माबाई जिन्यात गाठून म्हणायच्या, "सिस्टर, तुमच्याकडं सुतारकाम काढलं का? आमच्या गॅलरीत भुसा येऊन राहिला." दुपारी झोपायचं म्हटलं तर मागच्या खोलीतून चर्र, चर्र, बांबू उभा चिरत जाण्याचा आवाज. हाच आवाज ऐकत ती लहानपणी झोपायची, हे खरं. पण म्हणून काय झालं? लहानपणी ती दगडावरही झोपायची.

आणि कणगी वाढत होती. आधी पंख्याच्या पात्यांसारख्या पसरलेल्या उभ्या कामट्या, त्यांच्यातून फिरत जाणाऱ्या आडव्या, मग बूड, मग पोट. रविंद्र रोज संध्याकाळी शाळेतून आला की चपला काढायच्या आधी मागच्या खोलीत जायचा. हात फिरवून बघायचा. फोटो काढायचा, शाळेतल्या मास्तरांना दाखवायचा, आणि मास्तर काय म्हणाले ते सासूला सांगायचा. "मामी, असा हात आता जिल्ह्यात कुणाचा राहिला नाही," म्हणायचा. माय पदर तोंडाला लावून हसायची. निलमला ती दोघं बघून चांगलं वाटायचं आणि त्याच वेळी आतून काहीतरी तापायचं. माणसं दुसऱ्याच्या आईच्या कष्टांवर किती मनापासून प्रेम करू शकतात. तिला त्या कामट्यांनी चिरलेले तळहात आठवायचे, जेवताना हाताला मीठ लागलं की मायच्या तोंडून निघणारा तो आत ओढलेला श्वास आठवायचा. फोटोत ते येत नाही.

संक्रांतीच्या सुमारास निलमच्या लक्षात आलं की माय पाण्याचा पेला धरताना डाव्या हाताची तर्जनी बाजूला ठेवते. तिनं मायचा हात ओढून घेतला. पेरावर हळदीचा लेप, लेपाखाली सूज, सुजेत पू. "कुसळी गेली व्हती. काढली म्या," माय म्हणाली, जशी काही कुसळी काढली की साखरही आपोआप उतरते. निलमनं रक्त तपासून आणलं, आकडा दोनदा वाचला. ड्रेसिंग रूममध्ये रोज येणारे पाय तिच्या डोळ्यांपुढं आले, काळे पडलेले, वास मारणारे. चपलेनं नुसतं घासलं होतं बाई, असं सांगणारी माणसं. तिनं औषध चालू केलं, स्वतःच्या हातानं पट्टी बांधली आणि मायच्या समोर बसून एकेक शब्द सुटा करून सांगितलं, की बांबूला हात लावायचा नाही. जखम पूर्ण भरेपर्यंत नाही. "व्हय," माय म्हणाली. मायच्या व्हयचा अर्थ एवढाच, की तुझं बोलून झालं हे मला कळलं. निलमला हे जन्मापासून माहीत होतं, तरी तिनं विश्वास ठेवला, कारण विश्वास न ठेवायला वेळ लागतो आणि वेळ तिच्याकडं नव्हता. एक गोष्ट तिच्या नजरेला आली होती. कणगी बरेच दिवस तेवढीच होती. मधे तर थोडी बुटकी वाटली. तिला वाटलं, चला, काम थांबलंय.

आणि आता ही हिरवी कुसळी. ती लंगडत मागच्या खोलीकडं गेली. दार लोटलेलं होतं. माय फरशीवर पाय पसरून बसली होती, समोर कणगी छातीएवढी उभी, तिच्या वरच्या कामट्या मोकळ्या, केस विंचरायला सोडल्यासारख्या. पलंगाखालून नव्या बांबूची टोकं डोकावत होती. मायनं वर पाहिलं, पट्टीचा हात पदराखाली घेतला.

"हात दाखव."

"काई न्हाई झालं. तू जाय ड्यूटीवर."

"माय, हात."

डबल ड्यूटीत दोन-तीन दिवस बदलायची राहिलेली पट्टी पांढरीशुभ्र होती. निलमनं बांधली होती त्यापेक्षा पांढरी. म्हणजे हिनं कपाटातून नवी काढून वरून गुंडाळली होती. निलमनं सोडायला सुरुवात केली. एक पदर, दुसरा पदर, तिसऱ्याला ओल लागली आणि वास आला. तिला बघायच्या आधीच कळलं. बोटाचं टोक जांभळ्याच्या पुढं जाऊन काळं पडलं होतं. तिला वाटलं होतं आपण ओरडू, कामट्या भिरकावून देऊ. पण दवाखान्यातला हात घरातल्या हातापेक्षा आधी चालायला लागला. तिनं पट्टी परत सैलसर बांधली, रिक्षाला फोन केला, मायच्या चपला समोर ठेवल्या. जिना उतरताना माय म्हणाली, "तव्यावर पोळी हाय का? जळंल." निलम म्हणाली, "पोळी टाकलीच नाही." आणि मग तिला इतका संताप आला, पोळीचा, त्या प्रश्नाचा, की पुढचा सगळा जिना ती मायचा दंड धरून दातांवर दात दाबून उतरली.

ती ज्या दवाखान्यात काम करायची तिथलेच सर्जन. त्यांनी बोट पाहिलं, मनगट दाबून पाहिलं, आणि निलमकडं बघून बोलायला लागले. निलम म्हणाली, "सर, तिला सांगा. पेशंट ती आहे." त्यांनी सांगितलं. बोट काढावं लागेल, आज काढलं तर बोटावर भागेल, उशीर केला तर हाताचं सांगता येत नाही. मायनं हात उजेडाकडं धरून एकेक बोट चाचपलं. मग बाजारात सूप विकताना जशी गिऱ्हाइकाशी बोलायची तसल्या आवाजात म्हणाली, "डाक्टरसायब, हे बोट ठेवा. याच्या बदल्यात करंगळी घ्या. ती नुसती बसून खाती, तिचं काई काम न्हाई." सर्जन हसले. मग ती चेष्टा नव्हती हे त्यांना कळलं. "तसं होत नाही आजी," म्हणाले. "ह्याच्यानं कामटी जाड का बारीक ते कळतं," माय म्हणाली. "बाकीच्या बोटायला सांगून कळत न्हाई." निलम भिंतीकडं तोंड करून उभी राहिली. आपल्या सहकारी नर्सेस बघताहेत, याची तिला लाज वाटत होती, आणि लाज वाटतेय याचा राग येत होता, आणि या सगळ्याच्या खाली, अगदी खाली, तिलाही वाटत होतं की डॉक्टरांनी खरंच करंगळी घ्यावी. काय बिघडलं असतं.

रविंद्र पुसेगावहून आला तेव्हा मायला आत नेलं होतं. तो पॅसेजमध्ये उभा, हेल्मेट हातात. निलमनं त्याला बसू दिलं नाही.

"नवे बांबू कुणी आणले?"

त्यानं हेल्मेटच्या काचेवरची धूळ अंगठ्यानं पुसली.

"मी नको म्हटलं होतं. तुझ्यासमोर म्हटलं होतं."

"मामीच म्हणाल्या, चार-दोन आणा, कमी पडून राहिले." त्यानं हेल्मेट एका हातातून दुसऱ्या हातात घेतलं. "निलम, तू दिवसभर इथं असतेस. मी आधी घरी येतो. पट्टी बांधल्यावर त्या कशा बसायच्या ते तू पाहिलं नाहीस. पुन्हा त्या भिंतीकडं. मला नाही बघवलं. म्हटलं, उजव्या हातानं करतील हळूहळू."

"उजव्या हातानं? बांबू काय एका हातानं विणतात? गणित शिकवतोस ना तू?"

"ओरडू नको, दवाखाना आहे."

दवाखाना आहे. तिला तो सांगत होता, दवाखाना आहे. ती वळून पाण्याच्या कुलरपाशी गेली, पेला भरला, प्यायली नाही. चांगल्या माणसांचं काय करायचं असतं? वाईट माणसाशी भांडता येतं. हा माणूस सासूचं तसं बसणं बघवलं नाही म्हणून बांबू आणतो, आणि त्याची सासू, म्हणजे आपली माय, त्याला मागते, मला मागत नाही. मला का मागत नाही? कारण मी नाही म्हणते. मी नाही म्हणते कारण मला माहीत असतं काय होणार. आणि जे होणार ते होतंच. मग माझ्या माहीत असण्याचा या घरात कुणाला काय उपयोग झाला? भरलेला पेला तिनं तसाच कुलरवर ठेवून दिला.

बोट गेलं. हात वाचला. मायला सोडायच्या दिवशी निलमनं सुट्टी घेतली आणि सकाळीच मागची खोली साफ करायला काढली. जखम ताजी, खोलीत भुसा, कुसळ, कोपऱ्यात बुरशी धरलेल्या सालपटांचा ढीग. हे असं चालणार नव्हतं. रविंद्र शाळेत गेला होता. त्याला तिनं काही सांगितलं नव्हतं, आणि त्या पॅसेजनंतर दोघं एकमेकांशी मीठमसाल्यापुरतंच बोलत होती. पलंगाखालचे बांबू तिनं गॅलरीत नेऊन उभे केले. सालपटं पोत्यात भरली. मग कणगीचे कान धरावे तशा दोन कामट्या धरून तिनं ती दाराकडं ओढत नेली. दारात ती अडकली. निलमनं ती फिरवली, पुन्हा अडकली. आडवी केली, तिरपी केली, बूड आधी घातलं, तोंड आधी घातलं, आत शिरून बाहेर ढकलली, बाहेर येऊन आत ओढली. चौकटीला घासून कामट्या करकरल्या, कणगी हलली नाही. बूडच दारापेक्षा मोठं होतं. निलम घाम पुसत दारातल्या कणगीकडं बघत राहिली. एवढे दिवस ही बाई विणतेय. एवढे दिवस गणिताचा मास्तर रोज येऊन हात फिरवतोय. रविवारी गच्चीवर नेऊ, मामी शेणामातीनं लिंपतील, असे बेत चाललेत. आणि दोघांपैकी एकाच्याही डोक्यात आलं नाही की या खोलीला दार आहे.

तिला एकदम गोरेगावचा बाजार आठवला. बाजारच्या दिवशी माय मोठी कणगी उलटी करून डोक्यावर घ्यायची, अंगावर घ्यायची म्हणावं इतकी मोठी, आणि मग डोंगराच्या पायवाटेवर माय दिसायचीच नाही. नुसती कणगी आणि तिच्याखाली दोन पावलं. लहान निलम त्या पावलांच्या मागं चालायची. आतून आवाज यायचा, घुमल्यासारखा, "निलू, येऊन राहिली ना?" आणि ती म्हणायची, येऊन राहिले. तिला तेव्हा वाटायचं आत माय नाहीच, कणगीच बोलतेय. बाजारात कणगी खाली टेकवली की आतून माय निघायची, केस विस्कटलेले, तोंड लाल, आणि इकडंतिकडं बघत पहिल्यांदा निलमला शोधायची. हे आत्ता कशाला आठवायचं? आत्ता दारात कणगी अडकली आहे, मायला आणायला जायचंय, आणि ही आठवण येऊन मधे उभी राहते, तीही एखाद्या कणगीसारखीच, इकडून जाईना न तिकडून. निलमनं वडिलांचा कोयता काढला.

पहिला घाव उडालाच. कामट्या दबल्या आणि परत वर आल्या. दुसऱ्या घावाला एक तुटली, तिच्या शेजारच्यांनी तिला धरून ठेवलं. तिला वाटलं होतं दोन मिनिटांचं काम; तिचा खांदा भरून आला, तळहाताला फोड आला, तरी कणगी उभीच. एक एक पदर असा घट्ट बसलेला की कोयत्याचं टोक घालायला जागा नाही. तोडता तोडता तिला दिसलं, पोटाच्या भागातल्या कितीतरी कामट्यांवर वळणाच्या जुन्या खुणा होत्या, जिथं आता वळण नव्हतंच तिथं. काही मोडून पुन्हा जोडलेल्या. पिवळ्यांमध्ये मधेच हिरव्या. मायचं काम असं ठिगळाठिगळाचं कधी नसायचं. वय झालं, निलमला वाटलं, आणि त्या विचारानं ती जास्तच जोरात तोडायला लागली. खालून पद्माबाई वर आल्या. दारात उभ्या राहून म्हणाल्या, "अगं बाई, तोडून राहिल्या? एवढी चांगली?" निलम म्हणाली, "तुम्हीच म्हणत होता ना भुसा येतो." "भुशाचं काय, भुसा झाडता येतो," पद्माबाई म्हणाल्या. "बुडाचा तुकडा मला ठेवा, कुंड्यांना आडोसा करते." निलमनं कपाळावर हात मारला, तोही फोडाचाच हात. तुकडे पोत्यात भरून तिनं खाली कंपाउंडच्या भिंतीशी नेऊन टाकले, खोली झाडली, पुसली, फिनेल टाकलं. खोली एकदम मोठी दिसायला लागली. त्या मोठेपणाचंही तिला बरं वाटेना.

दुपारी ती मायला घेऊन आली. जिना चढताना तिनं मनात सगळं तयार करून ठेवलं होतं. माय रडेल, मग आपण सांगायचं. माय गप्प बसेल, तरी सांगायचं. जखम, जंतू, साखर, सगळं. एकही मुद्दा सोडायचा नाही. मायनं खोलीत पाऊल टाकलं, फिनेलच्या वासानं नाक मुरडलं, रिकाम्या कोपऱ्याकडं बघितलं.

"काढली व्हय?"

"काढली. दारातून निघेना. तोडावी लागली."

माय पलंगावर टेकली. पट्टीचा हात दुसऱ्या हातात लेकरासारखा धरला. "बरं केलंस," म्हणाली.

निलमला वाटलं आपण चुकीचं ऐकलं.

"मला बी न्हाई निघली ती," माय म्हणाली.

"म्हणजे? तुला माहीत होतं?"

"संक्रातीच्या आधीपासून. तू ड्यूटीवर, जावई शाळेत. म्हटलं उन्हात नेऊन ठिवावी, तर दारातच बसली. बूडच मोठं धरलं म्या. जल्मभर अंगणात बसून केल्या. अंगणाला कुठं दार ऱ्हाते?"

"मग?"

"मंग पोट उसवलं. म्हटलं पोट बारीक झालं तर तिरपी करून निघंल. निघंना. अजून उसवलं. जावई यायच्या आधी पुना घालायचं, दुसऱ्या दिवशी पुना उसवायचं. जुन्या कामट्या मोडून राहिल्या व्हत्या, म्हून नवे बांबू मागवले."

निलम खाली फरशीवर बसली. ओल्या फरशीवरच. "आणि कुसळी? ती उसवताना गेली?"

"व्हय."

"पट्टी बांधल्यावरही उसवतच होतीस?"

मायनं पट्टीचा हात पदराखाली घेतला.

"माय, सांगायचं ना मग! चुकलं म्हणून एवढंच सांगायचं. मी काय तुला मारणार होते?"

"तुला सांगितलं असतं," माय म्हणाली. "तुला काय, तू वरडली असती न् गप बसली असती. पण जावई रोज सांजच्याला येऊन हात लावून बघायचे. मास्तर लोकायला फोटू दाखवायचे. मामी, असा हात आता कुणाचा ऱ्हायला न्हाई म्हणायचे. त्यायला काय सांगू? बुरडाची बाई दार बघायलाच इसरली?" तिचा आवाज पहिल्यांदाच हलला. "साऱ्या जल्मात अशी चूक न्हाई झाली माही."

निलमनं जिन्यात तयार केलेल्या वाक्यांतलं एकही आता कुठं लावता येण्यासारखं नव्हतं. बोट गेलं होतं. एका कौतुकासाठी एक बोट गेलं होतं. हसू येत होतं, रडू येत होतं, आणि दोन्हींच्या वर ती शीर उडत होती.

"एवढ्यासाठी बोट घालवलंस तू?"

"बोट गेलं ते गेलं." मायनं तिच्या खांद्याला हात लावला, चांगला हात. "पण निलू, जावयाला सांगू नको. आण हाय माही तुला."

संध्याकाळी रविंद्र आला तोच जिना धावत चढून. चपला त्यानं कुठं काढल्या कोण जाणे. मागच्या खोलीच्या दारात तो थांबला, रिकामा कोपरा पाहिला, मायकडं पाहिलं, आणि मग निलमकडं. "खाली पडलीय ती," म्हणाला. "मी तुकड्यांवरून ओळखली. तू तोडलीस?"

निलम काही बोलायच्या आधी तिला मायचे डोळे दिसले. माय तिच्याकडंच बघत होती, लहान मुली बघतात तसं.

"हो," निलम म्हणाली. "मी तोडली."

"का?"

"राग आला."

"राग आला?" त्याचा आवाज फाटला. "त्यांचं बोट गेलं, आणि त्या घरी यायच्या दिवशी तू त्यांच्या हातचं शेवटचं काम तोडून उकिरड्यावर टाकलंस? आता त्या पुन्हा करू शकणार आहेत का? तुला काहीच वाटलं नाही?"

काय वाटलं ते सांगायचं तर मायची आण मोडावी लागली असती. रविंद्रच्या डोळ्यांत खरंच पाणी होतं. आणि तेव्हा पलंगावरून, उशीला टेकून बसलेल्या मायचा आवाज आला, मऊ, समजूतदार, घरातल्या वडीलधाऱ्या बाईचा.

"जाऊ द्या जावईबापू. तिचा सभावच तसा हाय. लहानपणापासून असंच, राग आला की हाताला यील ते तोडून टाकायचं. तुमी मनावर घेऊ नका."

निलमनं मायकडं पाहिलं. माय शांतपणे पदर सारखा करत होती.

"च्या टाक निलू," ती पुढं म्हणाली. "जावई थकून आले. अन् माझ्यात बी साखर टाक जराशी, आजच्या दिवस."

"टाकणार नाही!" निलम इतक्या जोरात ओरडली की खालच्या गॅलरीत कुंड्या सरकवायचा आवाज थांबला. रविंद्रनं तिच्याकडं असं बघितलं, जणू या बाईच्या पोटात आता कसलीच माया उरलेली नाही. ती स्वयंपाकघरात गेली, साखरेचा डबा उचलला, स्टुलावर चढून सगळ्यात वरच्या फळीवर, मायचा हात पोचणार नाही अशा ठिकाणी मागं सरकवून ठेवला. मग खाली उतरून तिनं तीन कप पाणी मोजलं आणि गॅस पेटवला.